मामाला खिसा पाहिजे

"काय पडलं का हो काका?"

बारामतीच्या कापडदुकानातल्या त्या पोरानं मला असं विचारलं, तेव्हा मी त्याच्या उभ्या आरशासमोर अर्धा वाकलेला होतो. अंगात जोधपुरी कोट, खाली आवळ विजार, दोन्ही हात जमिनीच्या दिशेनं. पडलं काहीच नव्हतं. वाकता येतंय का एवढंच मी बघत होतो. गुडघ्यापर्यंत गेलो आणि पोटावरची गुंडी म्हणाली, आता बास. पोराला वाटलं माझी कंबर धरली. पळत जाऊन त्यानं स्टूल आणलं.

त्याला काय सांगणार? मी मुलीचा मामा. मुलाकडचा माणूस लग्नाला ताठ येतो, ताठ जेवतो आणि ताठ मानेनं गाडीत बसतो. मुलीकडच्याला दिवसभर वाकायचं असतं. व्याह्यांच्या वडीलधाऱ्यांच्या पाया पडायला, जेवणात ज्याच्या त्याच्या पानाजवळ जाऊन "जिलबी घ्या की पाव्हणं" म्हणायला, स्टेजखाली गेलेलं अक्षतांचं ताट काढायला. त्यामुळं मुलीकडच्या पुरुषानं लग्नात काय घालावं, याचं माझं उत्तर तयार होतं. ज्यात वाकता येतं आणि ज्याला खिसे असतात ते घालावं, रंग मग कुठला का असेना. अडचण एवढीच होती की मला कोणी विचारलंच नव्हतं.

बस्त्याला आम्ही दोन गाड्या करून निघालो होतो. इंदापुरातही दुकानं आहेत, पण लग्नाचा बस्ता आपल्याच गावात काढला तर तो बाजार होतो, बस्ता होत नाही, असं माझ्या बहिणीचं मत. मग निमगाव केतकी, अंथुर्णे, लासुर्णे, बेलवाडी, सणसर असं करत पन्नासेक किलोमीटर. हा तुकोबांच्या पालखीचाच रस्ता, फक्त आम्ही उलट्या दिशेनं निघालेलो. काटेवाडी आली तसे आमचे दाजी म्हणाले, "धोतर बघायचं आसंल तर आता हितंच, पालखीच्या दिवशी." खरं आहे. काटेवाडीत पालखी येते तेव्हा परीट मंडळी रस्त्यावर धोतरांच्या पायघड्या घालतात, मग मेंढ्यांचं रिंगण होतं. एरवी मी ज्या गावात मास्तरकी केली तिथं शेवटचं रोजच्या वापरातलं धोतर कोणाच्या अंगावर पाहिलं, ते मला आठवत नाही. धोतराचं एक होतं. ते नेसलेला माणूस वाकला काय, उकिडवा बसला काय, काचा वर खोचून हौदातनं पाणी काढायला लागला काय, धोतर कधी तक्रार करत नसे.

बस्त्यात पुरुषांचा नंबर शेवटी. आधी नवरीचा शालू, मग करवल्या, मग आत्या-मावश्या-काकू, मग मानाच्या साड्या, मग बिनमानाच्या पण द्याव्या लागतात त्या साड्या. खाली गाद्यांवर पांढऱ्या चादरी अंथरलेल्या, त्यावर साड्यांचा डोंगर, आणि आम्ही पुरुष कडेला भिंतीला पाठ लावून चहाचे कागदी कप मोजत बसलेलो. चौथा कप झाला तेव्हा बहीण म्हणाली, "दादा, आता तुम्ही वर जा. पण रंग आम्हाला विचारून घ्या."

रंग हे मुख्य. आता लग्नात प्रत्येक बाजूचा एक रंग ठरतो. मुलाकडच्यांनी गुलाबी फेटे घ्यायचे ठरवले होते, म्हणून आम्हाला केशरी. केशरी फेट्याखाली काय शोभेल, यावर घरात पंधरा दिवस चर्चा झालेली. मामाचा कोट 'वाइन' रंगाचा असावा असं भाचीनं ठरवलं. आमच्यासारख्या माळकऱ्याच्या घरात हा शब्द रोज चारदा उच्चारला जायला लागला.

"अगं डाळिंबी म्हण की सरळ," बहीण म्हणाली.

हे ती चुकून बोलली, कारण दाजींची डाळिंबाची बाग आहे. दाजी भिंतीपासून सरळ झाले. "डाळिंबी म्हंजी कुठलं डाळिंब? गणेशचा दाणा फिका गुलाबी. भगव्याचा लालभडक. अन् सालीचा रंग म्हणशील तर ती गोष्ट आणि निराळी." दुकानातल्या पोरानं मुकाट्यानं एक कोट पुढं धरला. दाजींनी तो खिडकीपाशी उजेडात नेला, उलटासुलटा केला, बोटानं बाही चोळून पाहिली. मग परत देत म्हणाले, "ह्याला तेल्या झालाय."

ज्यांची बाग नाही त्यांच्यासाठी सांगतो. तेल्या हा डाळिंबावरचा रोग. फळावर काळपट, तेलकट डाग पडतात, फळ उकलतं, आणि आमच्या तालुक्यात त्यानं भल्याभल्यांच्या बागा काढायला लावल्या आहेत. असा कोट घालून मी लग्नात उभा राहिलो तर अर्धी वऱ्हाडी मंडळी हळहळली असती. पण भाचीला तोच आवडला. मराठीत रंगांना काय कमी नावं आहेत? आबोली, मोतिया, रामा, चिंतामणी, अंजिरी, मोरपंखी, शेवाळी, वांगी. बायका साड्यांच्या गादीवर बसल्या की ही सगळी नावं आजही झरझर निघतात. पुरुषांच्या मजल्यावर जिना चढून गेलं की तीच माणसं वाइन, पीच आणि मिंट बोलायला लागतात.

माझ्या डोळ्यांसमोर मात्र आमच्या आजोबांचा काळा कोट होता.

आमचं मूळ गाव भीमेच्या काठाला, आता उजनीच्या पोटात. १९८० ला धरण पुरं झालं आणि गाव वर माळावर आलं. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की पळसदेवाचं जुनं देऊळ उघडं पडतं, लोक होड्या करून बघायला जातात. आमच्या गावाचं एवढं भाग्य नाही. आमचं काही वर येत नाही. पण त्या गावात आमच्या भावकीचा मिळून एक काळा कोट होता. कोणाचा, कधी शिवला, कोणाला माहीत नाही. ज्याच्या भाचीचं लग्न असेल त्याच्याकडं तो आदल्या दिवशी पोचायचा. खाली धोतर, वर पटका, आणि मध्ये हा कोट. आजोबा अंगानं बारीक, कोट एखाद्या पैलवानाच्या मापाचा, त्यामुळं बाह्या बोटांच्या पेरांपर्यंत यायच्या. पण खिसे! दोन बाहेर, दोन आत, आणि प्रत्येकात कोपरापर्यंत हात जायचा. मी सहा-सात वर्षांचा असताना त्या खिशात हात घातला होता. तळाला हळदीकुंकवाच्या अक्षता निघाल्या. काही पिवळ्या, काही लाल, काही इतक्या जुन्या की पीठ झालेल्या. एक सुपारी, जानव्याचा तुकडा, आणि कोणत्या तरी लग्नातलं हिशेबाचं चिटोरं. 'वाजंत्री' आणि 'गूळ' एवढंच त्यावर वाचता येत होतं. चार-पाच भाच्यांची लग्नं त्या एका खिशात होती. तो कोट स्थलांतरात कुठं गेला ते कळलं नाही. भांडीकुंडी मोजून आणली, कोट कोणाचाच नसल्यामुळं तो कोणीच आणला नाही.

पुढं सफारी आली. वडिलांच्या पिढीतला मामा म्हणजे सफारीतला मामा. ग्रामसेवक, सोसायटीचे सचिव, कारखान्यातले क्लार्क, हायस्कूलचे मास्तर, सगळे राखाडी नाहीतर बदामी सफारीत. या पोशाखाची नंतर फार थट्टा झाली. मी करणार नाही. कोट असून खांद्यात धरत नाही, शर्ट असून खोचावा लागत नाही, आणि चार खिसे, झाकणासकट. धाकट्या आत्याच्या मुलीच्या लग्नात वडील मामा होते. वरच्या डाव्या खिशात पाकिटं, एक बँडवाल्याचं, एक मांडववाल्याचं, एक आचाऱ्याचं, एक भटजींचं. उजव्यात पेन आणि यादी. खालच्या डाव्या खिशात कोठीची किल्ली, उजव्यात सेफ्टी पिना, कापूर, अमृतांजन आणि रडणाऱ्या पोरांसाठी लेमनच्या गोळ्या. लग्नात काही लागलं की लोक घरात न जाता वडिलांकडं यायचे. मुलीचा मामा हे फिरतं कोठीघर असतं, हे मी तेव्हा शिकलो.

आता यात पुढाऱ्यांचा पोशाख घालू नका. तो वेगळा विषय आहे. आमच्याकडं लग्नसराईत एकेका नेत्याला दिवसाला दहा-पंधरा लग्नं करावी लागतात, आणि तो कडक इस्त्रीचा पांढरा सदरा-विजार घालून येतो. त्यामागचं शहाणपण मला उशिरा समजलं. पांढरा रंग मुलाकडचाही नाही आणि मुलीकडचाही नाही. कोणाच्याही फेट्याखाली चालतो. तो मांडवात शिरला की फेटा, शाल, श्रीफळ, दोन शब्द आशीर्वादाचे आणि पुढच्या कार्यालयाकडं प्रस्थान. एकदा मीही बहिणीला सुचवून पाहिलं की मी पांढरं घालतो. ती म्हणाली, "दादा, कारखान्याची निवडणूक हाय का लग्न?"

आणि आहेराचं कापड तर विचारूच नका. टॉवेल-टोपीचा मान अजून आहे. माझ्या लोखंडी पेटीत टोप्यांची एक चळत आहे, त्यातली एकही माझ्या डोक्याच्या मापाची नाही, आणि आमच्या गावात कोणाच्याही डोक्याच्या मापाची असेल असं वाटत नाही. त्या डोक्यासाठी नसतातच. त्या या घरातून त्या घरात जाण्यासाठी असतात. पँटपीस-शर्टपीसची गोष्ट तीच. बायकोनं सुचवलं की घरातलाच एखादा पीस शिवून टाका. शिंप्याकडं नेला तर त्यानं टेप माझ्या पोटाभोवती गुंडाळला, कापडाकडं पाहिलं, परत पोटाकडं पाहिलं. म्हणाला, "मास्तर, हा पीस आला तवा तुम्हाला बसला आसता."

परदेशातला एक पुतण्या फोनवर सांगत होता की तिकडं नवरीच्या मैत्रिणींच्या रांगेत आता एखादा मित्रही उभा राहतो, आणि त्यानं मैत्रिणींच्या रंगाचं घालायचं का नवरदेवाच्या दोस्तांसारखा सूट, यावर घरोघर खल होतो. मी त्याला म्हटलं, आपल्याकडं असा प्रश्न पडत नाही, कारण नवरीकडच्या प्रत्येक पुरुषाला आधीच काम लावून दिलेलं असतं. बाप हात जोडतो, भाऊ कान पिळतो, मामा मागं उभा राहतो, दाजी गॅस सिलिंडर बघतो. काम ठरलं की कपडे ठरले. यातला नवरीचा भाऊ तेवढा नशीबवान. कानपिळीला त्यानं नवरदेवाचा कान धरायचा आणि मोबदल्यात मुलाकडून पोशाख घ्यायचा. मुलीच्या बाजूचा हा एकच पुरुष, ज्याच्या अंगावर समोरच्या बाजूचं कापड चढतं, आणि तेही कान पिळून. आमच्या भाच्यानं आपलं माप व्याह्यांना व्हॉट्सॲपवर आधीच पाठवून ठेवलं होतं. कान त्या मानानं हळू पिळला.

तर दुकान. मी स्टुलावर बसून खिसे तपासायला घेतले. कोटाला तीन खिसे दिसत होते. छातीवरच्या खिशाला नुसती पट्टी, आत काही नाही. खालच्या दोन्हींत बोट घातलं तर नखापर्यंतच गेलं.

"काका, ते शिवलेलं असतं. कोट बसावा म्हणून. घरी गेल्यावर दोरा उसवा."

"आत खिसा आहे ना पण?"

"आहे की."

त्याच्या 'आहे की' मध्ये मला दम वाटला नाही. म्हणून मी खाली निरोप पाठवला की मला नेहरू शर्ट आणि जाकीट चालेल. नेहरू शर्टाला बाजूला दोन खिसे असतात, सरळ खाली उतरणारे, त्यात नारळसुद्धा राहतो. खालून भाची स्वतः वर आली. हातात कुठलीशी साडी तशीच धरून. म्हणाली, "मामा, फोटोत तू माझ्या मागं उभा असणार. आयुष्यभर भिंतीवर राहणार तो फोटो." एवढं बोलून ती थांबली. आमच्याकडं भाच्या मामाला अरेतुरे करतात आणि त्याचा असा वापर करून घेतात.

तह झाला. मांडवात शिरण्यापासून शेवटच्या मंगलाष्टकापर्यंत जोधपुरी, त्याच्या आधी आणि नंतर नेहरू शर्ट. दोन्ही घेतले. बिल दाजींनी दिलं आणि परतीच्या वाटेवर सणसरपर्यंत ते काही बोलले नाहीत.

घरी आल्यावर मी ब्लेड घेऊन खिशाचा दोरा काढायला बसलो. बायकोनं ब्लेड काढून घेतलं. "अहो, काय कोंबणार त्यात? कोट फुगून वर येईल. राहू द्या तसंच." राहू दिलं.

लग्न वैशाखातलं, मुहूर्त बारा पस्तीसचा, कार्यालय सोलापूर रस्त्यावर पत्र्याच्या शेडचं. पहाटे पाचपासून मी नेहरू शर्टात होतो आणि सांगायला हरकत नाही, मजेत होतो. डाव्या खिशात किल्ल्या आणि पाकिटं, उजव्यात पिना, कापूर, गोळ्या. आचाऱ्याला तेलाचा डबा काढून दिला, मुलाकडच्या आजीला डोकं दुखायची गोळी दिली, एका करवलीचा पदर पिनेनं जाग्यावर बसवून दिला. निमगावची पानं आली ती मोजून घेतली. आडवा झालेला फुलांचा खांब उभा केला. साडेअकराला बायकोनं हात धरून खोलीत नेलं, नेहरू शर्ट उतरवून खुंटीला लावला आणि मला त्या तेल्या झालेल्या कोटात भरलं.

मग फेटेवाला. हा माणूस बघण्यासारखा असतो. खांद्यावर केशरी कापडांची चळत, तोंडात दोन पिना, आणि समोर माणसांची रांग, दाढीच्या दुकानात असते तशी. एका टोकाला एक पोरगं कापड ताणून धरतं, दुसऱ्या टोकाला हा. पाच-सहा मीटरचं कापड तो हातातल्या हातात चुण्या घालत घेतो, एक टोक पाठीवर शेमल्यासाठी सोडतो, आणि तुमच्याभोवती फिरायच्या ऐवजी तुमचं डोकंच फिरवतो. पेच, पेच, पेच, आणि वर तुरा. जुने बांधणारे नुसत्या पेचांवर फेटा उभा करायचे. आता घाई असते. यानं तोंडातली एक पिन काढून तुऱ्याच्या मुळाशी खुपसली, टाळूवर एक थाप मारली आणि म्हणाला, "पुढचं डोकं." माझ्यावर एक मिनिटसुद्धा खर्च झालं नसेल.

बारा पस्तीस झाले, पावणेएक झाले. माइकवर आशीर्वाद चालू होते. एक माजी, दोन आजी आणि एक भावी असे चार जण बोलून झाले. तेवढ्यात आचाऱ्याचा पोरगा आला, "मामा, कोठीची किल्ली." मी खिशाकडं हात नेला, नखं शिवणीवर घसरली. किल्ली नेहरू शर्टात, शर्ट खुंटीला, खोलीला कुलूप, आणि खोलीची किल्ली बायकोच्या कमरेला, बायको स्टेजच्या पलीकडं मुलाकडच्यांच्या गराड्यात. मठ्ठ्याविना पहिली पंगत बसायची वेळ आली होती. शेवटी दाजींनी कोठीचं कुलूप दगडानं फोडलं आणि येऊन माझ्या कोटाकडं फक्त एकदा पाहिलं.

"वधूच्या मामांना विनंती, वधूला मंडपात घेऊन यावं. मामा! वधूचे मामा कुठं असतील तिथनं!"

मी जिन्यापाशी पोचलो. भाची खाली उतरत होती. हिरवा शालू, मुंडावळ्या, हातभर चुडा, आणि लहानपणी जत्रेत हरवल्यावर झाला होता तसा चेहरा. तिनं माझ्या कोपराला हात घातला. बाही आवळ, त्यामुळं कोपर पुरतं वळेना. तसेच निघालो. मधल्या वाटेवरच्या लाल सतरंजीवर, दोन्हीकडं मोबाइल वर धरलेले लोक, पुढं उलट चालणारा व्हिडिओवाला. दहा पावलं गेलो असू, तिनं तोंड न हलवता म्हटलं, "मामा, शेला सुटतोय. पिन आहे का?"

मुलीच्या मामाकडं पिन आहे का! सकाळपासून मी साऱ्या कार्यालयाला पिना वाटल्या होत्या. हात सवयीनं खाली गेला आणि शिवणीवर थांबला. तिचा शेला खांद्यावरून दोन बोटं खाली आला होता. पुढं अजून सबंध वाट, तीनशे माणसं आणि कॅमेरा.

मी हात वर नेला, तुऱ्याच्या मुळाशी चाचपलं आणि पिन ओढून काढली. चालता चालताच तिच्या खांद्यावर लावली. वाकावं लागलं नाही, ती माझ्या खांद्याला लागते. तिनं मान हलवली आणि आम्ही पुढं गेलो. पहिल्या मंगलाष्टकाला तुरा डाव्या कानाकडं झुकला. तिसऱ्याला एक पेच सुटून भुवईवर आला. व्हिडिओवाला खुणा करत होता, मामा, फेटा, फेटा. पण माझ्या एका हातात अक्षता होत्या आणि दुसरा तिच्या खांद्यावर.

फोटो बहिणीकडच्या हॉलमध्ये लावला आहे. शेला जागेवर आहे. मागं वाइन रंगाच्या कोटातला एक गृहस्थ उभा आहे, त्याचा फेटा एका डोळ्यावर उतरलेला. नवीन माणूस घरी आलं की दाजी त्याला सोफ्यावर बसवतात, चहा सांगतात आणि फोटोकडं बोट करून विचारतात, "वळखा बरं, ह्यो मुलीकडचा का मुलाकडचा?"